कै. सौ.

डोंबिवली,
मार्च १९५४

निर्माते महाशय,

काल शेजारच्या मथूताईंबरोबर ठाण्याला जाऊन तुमचा बोलपट पाहिला. आजवर तुमच्या चित्रपटांनी या घराला मुहूर्ताचे नारळ तेवढे दिले. नारळ फुटण्यापुढे एकही गेला नाही. हा पुरा झालाय म्हणतात, तर बघावं म्हटलं.

दिवे गेले आणि पडद्यावर पहिलीच पाटी आली, ‘कै. सौ. वासंती हिच्या पवित्र स्मृतीस’. वर माझा फोटो, त्याला हार. आपल्या लग्नातला फोटो कापलात, तोही धड नाही. कडेला तुमच्या कोटाची बाही तशीच राहिली आहे.

मी शेंगा सोलत होते. मागची बाई हळहळली, "भाग्याची गं बाई, सवाष्ण गेली!" मथूताईंनी अंधारात माझं मनगट धरलं, नाडी लागते का बघायला असावं.

दादरला त्या नटीबरोबर बिऱ्हाड थाटलंत. टाकलेल्या बायकोपेक्षा मेलेली बायको चारचौघांत बरी दिसते, एवढी अक्कल मात्र तुम्हाला आहे.

हे पत्र पेटीत टाकणार नाही. मेलेल्या बायका पत्रं पाठवत नाहीत. त्या नवऱ्याची वाटही बघत नाहीत, हे मला काल त्या खुर्चीत बसल्यावर कळलं. केवढी सोय केलीत माझी! तेव्हा ‘कै.’ मी ठेवून घेते. त्या पाटीवर खोटं होतं ते ‘सौ.’, ते खोडलं आहे.

आपली नसलेली,
कै. वासंती