चौऱ्याहत्तर किलो

इंगोलश्टाट, ५ मे, सोमवार
सुखरूप पोहोचलो. पुतणी अपूर्वा स्टेशनवर आली होती, सोबत तिची सात वर्षांची अन्वी. अन्वीला मराठी सगळं कळतं, उत्तर मात्र जर्मनमध्ये येतं. मी हौसेने एक सुभाषित म्हणून दाखवलं. ती 'आल्झो', म्हणजे 'बरं मग', म्हणाली आणि खिडकीबाहेर बघू लागली. जावई हृषिकेश मोटारींच्या सीटचे सेन्सर तपासतो. आणि जिच्यावर मला रविवार पुरवणीसाठी लेखमाला लिहायची आहे ती १९१४ची पाणबुडी गावाबाहेर एका शेडमध्ये उभी आहे. समुद्र शेकडो किलोमीटर दूर. हौसेला मोल नाही.

७ मे
संग्रहालयाचे व्यवस्थापक हेर (इकडचं 'श्रीयुत') ब्रांडल. आधी टेर्मिन, म्हणजे ठरवून घेतलेली वेळ, मग फॉर्म, मग फॉर्म मिळाल्याचा फॉर्म, आणि शेवटी वजनकाटा. आत जाताना आणि बाहेर येताना वजन करून वहीत लिहायचं. भंगार चोरीला जातं का, असं मी विचारलं. ते हसले नाहीत. म्हणाले, ही बोटीचीच रीत. इतकी लहान बोट, की पाण्याखाली एक माणूस मागे चालत गेला तरी नाक वर उठायचं. म्हणून बावीसही जणांची वजनं लिहून टाकीतल्या पाण्याने तोल सांभाळत. कमी पडेल ते घ्यायचं, जास्त होईल ते सोडून द्यायचं.

सप्टेंबर १९१४मध्ये शत्रूची नौका दिसली आणि घाईत बुडी मारली. टेहळ्या वरच राहिला. झाकण ठोकत होता म्हणे. खालून कोणी उघडलं नाही. चौऱ्याहत्तर किलो. बुडी मारल्यावर त्याची जागा नाकाशी असायची, आणि तेव्हापासून बोटीचं नाक वरच. शेडमध्येसुद्धा दोन अंश. खालचे जॅक तीनदा बदलून झाले.

मी तासभर त्याच्याच बाकावर बसून टिपणं काढली. जाताना ८२, येताना ८१.

९ मे
आत ८१, बाहेर ७०. ब्रांडलनी न विचारता काट्याचं प्रमाणपत्र दाखवलं. बायकोला, मालिनीला, फोनवर सांगितलं; तिचं म्हणणं, अहो, वीस वर्षं मी जे सांगून थकले ते जर्मनांनी दोन दिवसांत केलं. गंमत अशी, की पट्टा त्याच भोकात आहे. पोटही जागेवर. अष्टसिद्धींतली लघिमा तपश्चर्येशिवाय मिळाली म्हणायची. हृषिकेशचं निदान: गेनाऊ, अगदी तेच काका, काट्याचं कॅलिब्रेशन. संपादकांचा निरोप: आठशे शब्द, मानवी बाजू वाढवा. इथे मानवच कमी होतोय, बाजू कुठली वाढवू?

१३ मे
परवानगीची मुदत संपली नव्हती म्हणून पुन्हा गेलो. हट्ट, दुसरं काय. आत ७०, बाहेर १८.

घरच्या काट्यावरही १८. हृषिकेशच्या गाडीत पट्टा न लावता बसलो. घंटा वाजली नाही. गाडीच्या लेखी सीट रिकामी. त्याने अन्वीला बसवलं, वाजली. मला बसवलं, गप्प. तो चिडून सीटखाली हात घालून बसला होता, माझ्याकडे बघत नव्हता. डॉक्टरांचा टेर्मिन २४ जूनचा मिळाला.

डॅन्यूबच्या पुलावर वारा सुटला तेव्हा कठडा धरून उभा राहिलो.

चौसष्ट गेले. चौऱ्याहत्तर भरायला बोटीला अजून दहा हवेत. आता जाणार नाही.

१६ मे, शुक्रवार
मला कोणी सांगितलं नाही. अन्वीच्या वर्गाची सहल आज तिथेच होती. घरी येताना ती गाडीत मागे बसली, पट्टा लावायची विसरली. घंटा नाही.

हृषिकेशने गाडी कडेला घेतली. बाक थंडगार होता, एवढंच ती म्हणाली, जर्मनमध्ये.

काल २४ होती. आज १८.

अपूर्वा म्हणते, काका, तुम्ही आला नसतात तर. खरं आहे. मी आलो नसतो तर बाकाला सवय लागली नसती.

अन्वीचे सहा परत हवेत. जास्त झालेलं सोडून देतात. ब्रांडलच म्हणाले होते. मी दहा दिले तर तिचे सहा जास्त होतात.

माझ्याकडे आठ उरतील. पुरतील. लेखणीला किती वजन लागतं?

१७ मे. दुपार
ब्रांडल जेवायला गेलेत. वहीत १८ लिहिलं. पुढचा रकाना मोकळा—

नाकाशी बसलोय. पाणसळीतला फुगा सरकतोय. सावकाश.

बारा वाजून वीस. हात वही दाबू शकत नाही. पानं उडतात—

फुगा मधोमध. बोट सपाट. एकशे दहा वर्षांनी.

वरचं झाकण बंद झालं. मी केलं नाही—

टाकीत पाणी भरतंय. शेडमध्ये पाणी नाही, मी स्वतः पाहिलं—

वर पावलं. छोटी, पण चांगली वजनदार. अन्वी. घरचे मला शोधत आले असणार. चोवीस, पुरती चोवीस. झाकण ठोकतेय. आजोबा, उघडा, म्हणतेय. मराठीत.

झाकणाच्या चाकाला लोंबकळलो. हलत नाही. खाली ओढायला वजन लागतं आणि ते—

ती ठोकतेय. मीही खालून ठोकतोय, पण माझ्या मुठीचा आवाजच