कांदा कोणी पेरत नसतं

९ डिसेंबर २००१, सकाळी
आरते, सूनबाई, परवा दूध उतू घालवलंस आणि वर मलाच विचारलंस, आत्या, चुलीवर काय होतं? म्हणून नीट लिही. लिहिणार तू, वाचणार तू, विसरणारही तूच. मला अक्षर येत नाही, पण ध्यानात सगळं असतं.
आज बेलिफ आला. जुन्नर कोर्टाचा मनाई हुकूम. माझा धाकटा दीर हौशीराम म्हणतो, विहिरीकडचा तुकडा त्याचा. निकाल लागेस्तोवर गोरखनं किंवा त्याच्या वतीनं कोणी तिथं नांगरणी, पेरणी करू नये. ठीक. पोराच्या नावावर हुकूम आहे, पाळायचा. कोर्टाचा मान राखायचा. ठरलं.

१४ डिसेंबर
पाळला.
पण कांद्याचं रोप वीतभर झालंय. आरतीला कागद पुन्हा वाचायला लावला. नांगरणी. पेरणी. लागण कुठंय? नाहीच. बाजरी पेरतात, हरभरा पेरतात. कांदा कोणी पेरत नसतं, लावतात. जज्जसाहेब शिकलेले, त्यांनी मुद्दामच माझ्यापुरती वाट ठेवली असणार.
आरती म्हणते, आत्या, 'त्याच्या वतीनं कोणी' असंही लिहिलंय. म्हटलं, मी गोरखच्या वतीची नाही, गोरख माझ्या वतीचा. त्याला मी जन्म दिलाय, त्यानं मला नाही.

१८ डिसेंबर, दिवेलागणीला
लागण झाली. नांगर लावलाच नाही, कुदळीनं वाफे केले. म्हणजे दोन्ही बाजूंनी कायदेशीर.
गोरख बटाट्याची गाडी घेऊन मंचरला गेला होता. आला, बघितलं, जेवला नाही. म्हणाला, आये, कागदावर नाव माझं हाय, तुझं न्हाई. म्हटलं, मग मला कशाची भीती? घोंगडी उचलून गोठ्यात झोपायला गेला. दमला असेल.

२ जानेवारी २००२
हौशा बांधावर येऊन उभा राहिला. मी लग्न होऊन आले तेव्हा त्याला चड्डीची नाडी बांधता येत नव्हती. सासू आधीच गेलेली. माझा पदर धरूनच वाढला. मी लांबून ओरडले, काय रे हौशा, वाफे कसे पडलेत? म्हणाला, लई सरळ पडलेत, वैनी. आणि डोळे पुसत गेला.
दावा मागं घेणार. लिहून ठेव.
आरती म्हणते, त्याच्याबरोबर फोटोवाला होता. असेना. एवढं पीक बघून कुणालाही फोटो काढावासा वाटेल.

११ मार्च, जुन्नरहून आल्यावर
कोर्टाच्या अवमानाची सुनावणी. वकिलांना पेरणी-लागणीचा मुद्दा समजावून सांगितला. म्हणाले, आजी, हे आत बोलू नका. त्यांना स्वतःला सुचलं नव्हतं ना.
जज्जसाहेबांनी विचारलं, कांदा कोणी लावला? मी उठले. गोरखनं मागं वळूनसुद्धा बघितलं नाही. म्हणाला, मीच लावला साहेब, आये म्हातारी हाय, तिला काय ध्यानात ऱ्हात न्हाई. मग हौशाला विचारलं. त्यानं तर मला कुदळ मारताना डोळ्यांनी बघितलेलं. माझ्याकडं बघितलं, मान खाली घातली, म्हणाला, गोरखनंच.
एवढ्या वर्षांत चुलत्या-पुतण्याचं पहिल्यांदा एका शब्दावर जमलं.
मी उभीच. शिपाई म्हणाला, बसा आजी.

१९ एप्रिल
गोरखला महिनाभर दिवाणी कैद. जज्ज सोडतील असं मी कालपर्यंत घरभर सांगत होते.
न्यायला आले तेव्हा म्हटलं, मला न्या, लावला मी. म्हणाले, आजी, तुमचं नाव नाही. गोरख आरतीशी बोलला. मोटारीचा फ्यूज, गाडीचा हप्ता, गाईचं इंजेक्शन. माझ्यावरून हवा जावी तसा गेला.
कांदा काढणीला आलाय, माना पडल्यात. आरती म्हणाली, आत्या, हुकमात काढणी लिहिलेली न्हाई. आज हे ती म्हणाली. मी म्हटलं, गप.
वाफ्याकडं गेले नाही.

२४ एप्रिल
आरती भेटून आली. विचारलं, काय म्हणाला? म्हणाली, गाईचं विचारलं. आणखी? म्हणाली, मोटारीचं. आणखी कुणाचं? लिहिता लिहिता थांबली. काय ते खरं लिही बाई. कुणाचं नाही.
वकील म्हणतात, दिवाणी कैद्याला घरचा डबा चालतो. तर उद्या जाशील तेव्हा ज्वारीच्या भाकरी ने, बाजरीच्या तिथवर जाईस्तोवर कडक होतात. भरलं वांगं ने, रस्सा नको, सांडतो. गूळ ने, कागदात नको, चिकटतो. शेंगदाण्याची चटणी मी आत्ता कुटून ठेवलीय, लसूण त्याला आवडतो तसा जास्त घातलाय. तू कुटलीस म्हणून सांग. त्यानं विचारलं नाही तरी सांग, म्हणजे खाईल.