आजोबांचे विसरलेले संवाद

३ फेब्रु., मंगळ
नोएडाला शूटिंग. माझ्या विनोदी मालिकेतले आजोबा, म्हणजे आमचे नानाकाका, आज चार वेळा संवाद विसरले. चौथ्यांदा सुनेलाच विचारलं, "बेटा, मैं क्या बोलनेवाला था?" अख्खा सेट हसून आडवा. टेक ठेवला. एवढ्या भागांत पहिल्यांदा लोक खरं हसले, तेही माझ्या लिखाणाला नाही. जळफळाट झाला. लेखक मी, निर्माता मी...

९ फेब्रु., सोम
चॅनेलच्या मॅडम फोनवर, "वो भूलनेवाले दादाजी कमाल हैं यार! हर एपिसोड में चाहिए." बंद पडणारी मालिका मार्चअखेरपर्यंत तरली. बिल्कुल, म्हटलं.
ना. का. ओशाळलेत. "मिल्या, घरून पाठ करून येतो रे. इथे आलो की जातं." दिल्लीतल्या आमच्या लक्ष्मीबाई नगरच्या गणपतीत मला स्टेजवर उभं राहायला यांनीच शिकवलं. रिटायर झाल्यावर काम मीच दिलं. उपकार फिटले, असं वाटायचं.

१३ फेब्रु., शुक्र
ना. का. सगळं चोख बोलले. कुणी हसलं नाही. जेवणानंतर मी त्यांचे संवाद बदलले, कॅमेरा सुरू व्हायच्या दोन मिनिटं आधी. घाम फुटला बिचाऱ्यांना. हशाच हशा. युक्ती सुचली म्हणून खूश होतो दिवसभर. हलकट आहे मी.

२० फेब्रु., शुक्र
आता रोजचंच. सकाळी एक पान, टेकआधी दुसरं.
त्यांची मुलगी वर्षा फरीदाबादहून डबा घेऊन आली. "मिलिंददादा, बाबा दिवसभर पाठ करतात आणि इथे पानंच बदलतात? मी विसरतात म्हणून डॉक्टरकडे नेतेय त्यांना." चॅनेलवाले बदलतात गं, म्हटलं. पटलं तिला. थँक्यू म्हणाली वर.

३० मार्च, सोम
आणखी पन्नास भाग मंजूर! मॅडमची अट एकच, "दादाजी ऐसे ही रहने चाहिए."
आणि आजच ना. का. बदललेलं पानसुद्धा एका वाचनात घडाघडा बोलले. सलग तीन टेक. सगळ्यांसमोर ओरडलो त्यांच्यावर. काय चुकलं ते सांगता येईना.
मेकअप रूममध्ये आले. "गोळ्या लागू पडल्या रे मिल्या. सगळं राहतं आता डोक्यात." हसले. मग म्हणाले, "पण तुझी मालिका बुडायला नको. बंद करू का गोळ्या?"
नको म्हणायचं होतं.
"वर्षाला काही सांगू नका," एवढंच म्हणालो.