कानापर्यंत हात

३ फेब्रुवारी, सकाळ
टेम्पोने शिडी उडवली त्याला आज सात महिने झाले. शिडीवर मी होतो, एका दुकानाच्या पाटीचं शेवटचं अक्षर रंगवत. उजवा खांदा गेला, असं डॉक्टर म्हणतात. मी म्हणतो, रुसलाय. चाळीस वर्षं पाट्या रंगवल्यावर कोणीही रुसेल.
संकल्प: रोज शाळेतली एक कविता म्हणत व्यायाम. दर कडव्याला हात एक बोट वर.

५ फेब्रुवारी
वकीलबाई येऊन गेल्या. टेम्पोच्या विमा कंपनीकडून कोर्टात भरपाई मागितली आहे. अपंगत्व कायमचं किती टक्के, यावर ती ठरणार. आठ तारखेला तपासणी. चाळीस तरी यायला हवेत म्हणाल्या. मी म्हटलं, कायमचं हा शब्दच मला मान्य नाही. त्या हिच्याकडे बघून म्हणाल्या, काकू, काकांना जरा समजवा.
मी पडल्यापासून ही कपड्यांच्या कारखान्यात काजं-बटणं करायला जाते. संध्याकाळी डोळ्यांतून पाणी गळतं. भरपाई मिळाली की सुटेल बिचारी. तिला धीर दिला, नाही मिळाली तरी मार्चमध्ये मी शिडीवर असेन. म्हणाली, अहो, आधी स्टुलावर चढून दाखवा.

७ फेब्रुवारी
पाचवीतली पाखराची कविता अख्खी आठवली! गुरुजींनी वर्गापुढे तीनदा म्हणायला लावली होती. खिडकीतलं ते ऊन, तो खडूचा वास. या आनंदात व्यायाम राहिला.

८ फेब्रुवारी. तपासणी
निघताना ही म्हणाली, दुखतं तिथे दुखतं म्हणा, तिथे शौर्यपदकं वाटत नाहीत. मी तिच्या नकळत दोन पेनकिलर घेतल्या. डॉक्टर अगदी कोवळे. म्हणाले, आजोबा, हात वर करा, पण फार नाही जमणार तुम्हाला, राहू द्या.
राहू द्या!
खड्या आवाजात पाखराची कविता सुरू केली आणि हात थेट कानापर्यंत नेला. डोळ्यांपुढे काजवे चमकले, पण चेहरा हसरा ठेवला. डॉक्टरांनी वाहवा केली, लगेच लिहूनही घेतलं. वर्गात पहिला आल्यासारखं वाटलं.

२० फेब्रुवारी
बारा टक्के.
वकीलबाई म्हणाल्या, काका, तुम्ही नक्की कोणाच्या बाजूने होतात? ही उठून उद्याच्या डब्याची भाजी निवडायला बसली. रागावली असती तर बरं झालं असतं.

२१ फेब्रुवारी
दोष माझा नाही. डॉक्टरांनी हात सोडून कवितेलाच मार्क दिले.
वकीलबाई फेरतपासणीचा अर्ज करणार आहेत. आता उलटं, हात वर जात नाही असं दाखवायचं. सोपं आहे. सहावीत नाटकात मी जखमी सरदार होतो. बायका रडल्या होत्या.

२ मार्च
आरशापुढे कण्हण्याची तालीम. हिने दारातून पाहिलं. म्हणाली, झोपेत कण्हता तसंच कण्हा, ते छान जमतं.
मी झोपेत कण्हतो?

६ मार्च, दुपार
ही कामावर. सहज स्टुलावर चढलो. ब्रश छातीच्या वर जाईना. ब्रशचे केस कडक झालेत. नवा आणायला हवा.

११ मार्च. फेरतपासणी
गोळ्या घेतल्या नाहीत. तेच डॉक्टर, हातात मागचा कागद. हात उचला म्हणाले. उचलला. छातीशी अडकला. कण्हायचं ठरलं होतं, ते विसरलोच. खरं दुखत असताना कण्हायचं सुचत नाही.
डॉक्टर म्हणाले, आजोबा, मागच्या वेळी कानापर्यंत गेला होता, आता नाटक नको. म्हटलं, नाटक मागच्या वेळी होतं. ते हसले. सगळे असंच म्हणतात म्हणाले.
बाहेर बाकावर ही बसली होती. माझ्याकडे बघितलं आणि पिशवी उचलली.

२५ मार्च
कागद आला. बाराच.
वकीलबाई म्हणाल्या, आता विमा कंपनी हेच दोन कागद कोर्टापुढे ठेवणार. हिने विचारलं, म्हणजे मला कारखाना सोडता येणार नाही ना? वकीलबाईंनी चष्मा पुसला.

२६ मार्च, दुपारी दोन
ही आठला गेली. रोज निघण्याआधी मला शर्ट घालून देते. आज तिला उशीर होत होता. मीच म्हटलं, जा तू, मला जमेल.
डावी बाही चढली आहे. उजवी नाही. ही साडेसहाला येते.