लग्नाच्या रिळातले अप्पा

अहो,

दुपारी घर गप्प होतं, तेवढ्यात आतल्या खोलीत तुमचं सिनेमाचं मशीन खटखटायला लागलं. गौरानं बटण दाबलं होतं. भिंतीवर आपल्या लग्नातले माझे अप्पा हसायले होते. ते गेल्यावर त्यांचं हलतं-बोलतं तेवढंच उरलं होतं माझ्याकडं. तुम्ही ते रीळ कापलंत, आणि त्यांच्या हसण्याला टॉकीजच्या भंगारातल्या सिनेमातली जळती चिता चिकटवलीत. आपल्यात जाळत न्हाईत, बसवून पुरतात. अप्पांना मातीत बसवताना तुमचेच हात लागले होते. मला विचारायचं तरी.

मी पालमला आईकडं जायलेय. भाकरी टोपल्यात हाय. तुमचा तो रिळं चिकटवायचा डिंक तिथं ठेवू नका, वास पोटात जातो.

गौरा चपला घालून कवाची विचारायलीय, “आई, अप्पा तर जळाले. मग पालमला मातीत कोण बसलंय?”