उकंडाचे पात्र कोणाकडे जावे याबद्दल

मी, नीळकंठ वामनराव सरोदे, वय ४४, राहणार यवतमाळ, मूळ गाव सावरखेडा, तालुका राळेगाव, धंदा आधी उभ्याने लोकांना हसवणे आणि अलीकडे टीव्हीवर खुर्चीत बसून त्यांना प्रश्न विचारणे, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. येत्या आठवड्यात नागपूरला माझे स्वरयंत्र काढणार आहेत. मन ठिकाणावर असल्याचा डॉक्टरांचा दाखला सोबत आहे. मला स्वतःला तेवढी खात्री नाही, पण कायद्याला डॉक्टरांची पुरते.

१. राहते घर आणि बँकेतील ठेवी पत्नी सौ. सुहासिनी हिला. माझा प्रत्येक विनोद तिने सगळ्यांआधी ऐकला आणि बहुतेकांना ती हसली नाही. जे टिकले ते त्यामुळेच.

२. माझ्या रोजनिश्याही तिलाच. वाचायच्या की जाळायच्या ते तिने ठरवावे. त्यांत मी स्वतःवर जितके आरोप केले आहेत तितका वाईट मी नव्हतो असे वाटते. पण हेही मीच म्हणतो आहे.

३. स्टुडिओत प्रेक्षकांसमोर धरायची ‘हसा’ अशी पाटी मी घरी आणून ठेवली आहे. ती कार्यक्रमाचे निर्माते श्री. अनिमेष यांना परत द्यावी. पुढची कलमे वाचताना त्यांना ती लागेल.

४. ज्या ‘उकंडा’च्या नकलेमुळे लोक मला ओळखतात तो कल्पनेतला नाही. उकंडा देवराव भोयर माझ्याच गावचा, माझ्याच वयाचा. आमच्याकडे पोळ्याला बैल तोरणाखाली उभे राहिले की दोन्ही बाजूंनी झडत्या सुरू होतात, म्हणजे एकमेकांची खोड काढणाऱ्या तुकबंद्या. मी कॉलेजातून सुटीवर आलो होतो तेव्हा उकंडाने माझ्यावर काढली:

‘मास्तराचं पोट्टं, चष्मा नाकावर,
बैलाचं नाव पुसते शेपटीच्या टोकावर.’

मी उत्तर दिले, गाव हसले, माझा धंदा तिथे सुरू झाला. गावाचा नियम एकच. ज्याची झडती काढायची तो समोर उभा पाहिजे. पाठीमागे काढली तर ती झडती नव्हे, चुगली.

मुंबईला जाताना मी त्याची बोली, त्याची मान वेळावण्याची लकब, कापसाच्या गाडीवर झोपून बाजारभावाची वाट पाहण्याची ऐट, सगळे नेले. नियम तेवढा मागे राहिला. पुढे कापूस मातीमोल झाला, शेतकरी जीव देऊ लागले, आणि दिवस असे आले की गाडीवर झोपलेल्या माणसाला हसण्याआधी राळेगावचे प्रेक्षक एकमेकांकडे पाहू लागले. मी नक्कल थांबवली आणि मुलाखतींचा कार्यक्रम घेतला. पाहुण्याची खुर्ची माझ्याइतकीच उंच असावी आणि त्याला उलट बोलता यावे, एवढी अट घातली. हे तत्त्व होते की हशा आटल्याची भीती, ते मला अजून ठरवता आलेले नाही.

५. आता दुसऱ्या नटाला घेऊन वाहिनीला ‘उकंडा’ पुन्हा सुरू करायचा आहे. करारानुसार पात्र माझ्या नावावर आहे, वाहिनी माझ्या सहीचीच वाट पाहत आहे. मी सही देणार नाही. हे पात्र नाव, बोली व लकबींसह मी उकंडा देवराव भोयर यास देत आहे. चालवायचे की बंद करायचे ते तो पाहील.

६. वरील कलम लिहून झाल्यावर वकील अॅड. धरमसिंग राठोड म्हणाले की घेणाऱ्याला आधी विचारलेले बरे. निरोप पाठवला. उकंडा आज दुपारी एसटीने आला, चहा घेतला. मी चौथे आणि पाचवे कलम वाचून दाखवले. तो हसला नाही.

“माह्यंच कातडं मले देऊन राह्यला का बे? अन् थे बी कागदावर?”

मी सांगितले की त्याने घेतले नाही तर वाहिनी सुहासिनीच्या मागे लागेल. त्यावर त्याने वकिलांना विचारले की या कागदावर साक्षीदार कोण. ते म्हणाले, कोणीही चालेल, फक्त ज्याला काही मिळणार आहे तो नको.

“मंग मी साक्षीदार. लिवा माहं नाव.” मग माझ्याकडे वळून म्हणाला, “घेतलं तं मी तुह्या धंद्यातला झालो. साक्षीदार राह्यलो तं समोर उभा हावो.”

म्हणून कलम ५ मधील दान रद्द. उकंडा हे पात्र कोणाकडेही जात नाही. मी जिवंत असताना किंवा नंतर ते कोणीही करू नये, आणि सुहासिनीने कोणालाही सही देऊ नये.

७. निघताना तो म्हणाला, “पोयाले येजो. यंदा तुह्यी झडती म्याच काढतो.” उत्तर द्यायला माझ्याकडे आवाज नसेल, असे मी म्हटले. “उभा तं राहाशीन?” त्याने विचारले.

राहीन म्हटले आहे. शस्त्रक्रियेतून मी उठलो नाही, तर मात्र माझी झडती कोणीही काढू नये. उकंडानेही नाही.

सही: नीळकंठ वामनराव सरोदे
यवतमाळ, दि. २४ जुलै २००६

लिहिणाऱ्याने आमच्यादेखत सही केली, ती पाहून आम्ही आमच्या सह्या करतो:

१. अॅड. धरमसिंग राठोड, यवतमाळ
२. उकंडा देवराव भोयर, सावरखेडा. समोर उभा होतो.