कुंपणावरची घाणेरी

१६ जुलै
आजपासून चहा बंद! आमच्या पोरीला, निकिताला, इंग्लंडच्या इस्पितळात नर्सची नोकरी लागली. व्हिसा आला की चालली. "कर साहेबाची चाकरी," म्हणालो आणि हातातला कप सरकवला. चहाची सवय साहेबानेच लावली ना आपल्याला! मोहिनी म्हणाली, "मग डोकं दुखलं की मला बाम मागायचा नाही." बायको आहे की कोण!

१७ जुलै
डोकं दुखतंय.

१९ जुलै
दिवसभर मोबाइलवर वाचलं. घर गोऱ्यांनीच भरलंय! बटाटा, मिरची, शेंगदाणा, साबुदाण्याचा कंद — सगळं त्यांच्या जहाजांतून आलेलं. दारातला झेंडूसुद्धा. आणि कुंपणावरची घाणेरी? ती साहेबाने बंगल्याच्या बागेत शोभेला आणली. सुटली ती पार हरसूलच्या डोंगरापर्यंत!

निकिताला ऐकवलं. "पप्पा, मी काही शोभेला नाही चालले." कोयता घेऊन कुंपणाशी गेलो. चार फांद्या तोडल्या, दोन्ही हात ओरबाडून घेतले. पट्टी निकितानेच बांधली. साहेबाच्या आधी पहिला पेशंट मी!

२१ जुलै
एकादशी. साबुदाणा, बटाटा, शेंगदाणा, मिरची — सगळे आरोपी एकाच खिचडीत! भगर तेवढी आपली, म्हणून भगर मागितली. मोहिनीने नुसती भगर वाढली. आमटी शेंगदाण्याची, म्हणून आमटी नाही. समोर मायलेकी खिचडी खात होत्या, वर दही घालून. "पप्पा, एक घास?" मी बाणेदारपणे नाही म्हटलं. मूर्ख!

इथे कोण वाचतंय, खरं लिहितो. साहेबाने माझं काय घोडं मारलंय? पोरगी गेल्यावर मला उलट उत्तर कोण देणार, ही भीती आहे. व्हिसा मिळू नये असंही मनात येतं. बाप आहे मी तिचा!

२६ जुलै
व्हिसा नाकारला. कागदांत काहीतरी कमी पडलं म्हणे. निकिता दार लावून बसली आहे. मला हवं होतं तेच झालं — आणि असा संताप आला की बस! माझ्या पोरीला नाही म्हणतात? कुंपणावर घाणेरी पुन्हा फुलली आहे. तिला कुणी विचारला होता व्हिसा?

चहा टाकला, तीन कप. दार वाजवलं. "निकू, ऊठ बाळा. पुन्हा अर्ज करू."